सदतिसाव्या गढातली बीज

वहिनी, तुझ्या तेरवीला लोक तुझ्याबद्दल जे बोलले ते ऐकलं असतंस तर पदरात तोंड खुपसून हसली असतीस. एक म्हणाली, गरीब गाय होती. दुसरी म्हणाली, कधी कोणाला उलटून बोलली नाही. मी वाढता वाढता थांबले. बारा वर्षांत तू मला एकदाही सरळ उत्तर दिलं नाहीस. भात उतू जात असताना भांडलीस, न्हाऊ घालताना भांडलीस, शाळेत नोकरी लागली त्या पहिल्या दिवशी माझी वेणी घालतानाही भांडलीस, आणि ती वेणी इतकी घट्ट घातलीस की दिवसभर माझ्या भुवया वर चढलेल्या होत्या. पोरांना वाटलं बाई फार कडक आहेत. आणि म्हणे गाय. पण गेलेल्या माणसाबद्दल खरं बोलायची आपल्याकडे रीत नाही, म्हणून मी वरणाचं भांडं उचलून पुढच्या पानावर गेले.

खरं आणि खोटं हाच तर आपला जुना वाद. तो तू अर्ध्यावर टाकून गेलीस, आणि जाता जाता त्यातलंच एक काम माझ्या गळ्यात बांधून गेलीस. ते काम मी केलेलं नाही. तुला तसं सांगायला हवं, म्हणून लिहायला बसले आहे. तुला वाचता येत नव्हतं, ती अडचण आता राहिली नसावी.

तू आलीस तेव्हा मी अकरा वर्षांची होते. देश स्वतंत्र होऊन वर्षही झालं नव्हतं, पण आमच्या घरात मोठी बातमी ती नव्हती. दादानं सालेकशाच्याही पल्याडची, डोंगरगडाकडची बायको केली, ही मोठी बातमी होती. वैशाखात तू आलीस. तुझी बोली छत्तीसगढी, आमची झाडीबोली. तू पाणी मागितलंस तरी बाया एकमेकींकडे पाहायच्या. मला पहिल्या दिवशी तू 'नोनी' म्हणून हाक मारलीस आणि मी रडत मायकडे गेले, की नवी वहिनी मला काहीतरी शिवी देते. तुमच्याकडे मुलीला लाडानं नोनी म्हणतात हे कळायला मला दोन दिवस लागले. पुढे जन्मभर दुसऱ्या कोणी मला त्या नावानं हाक मारली नाही, आणि आता कोणी मारणारही नाही.

मग जेठ महिना लागला. अमावास्या झाली की तिसऱ्या नव्हे, दुसऱ्या दिवशी सांजेला पश्चिमेकडे चंद्राची पहिली कोर दिसते. तो दिवस बीजेचा. ती कोर पाहायची आणि मगच घरात दिवा लावायचा, ही मायची पद्धत. त्या सांजेला अंगणात चार-पाच बाया बसल्या होत्या, शेजारची गयाकाकू होती, मी होते. माय तुला म्हणाली, सूनबाई, आज बीज आहे, बीज पाहून ये आणि दिवा लाव. तू डोक्यावरचा पदर सावरून उठलीस. बाहेर जायच्या ऐवजी आत गेलीस. आम्हाला वाटलं, लाजते आहे. बराच वेळ झाला. मग तू बाहेर आलीस, मूठ पुढे केलीस, आणि आल्यापासूनचं तुझं सगळ्यात लांब वाक्य बोललीस.

"देखेंव दाई, बने हे. घुना नइ लगे हे."

तुझ्या मुठीत भाताचं बियाणं होतं. तुमच्या बोलीत चंद्राच्या त्या दिवसाला दूज म्हणतात, आणि बीज म्हणजे पेरायचं बी. सासू म्हणाली बीज पाहून ये, म्हणून तू आत जाऊन शेणानं लिंपलेली बियाण्याची ढोली उघडलीस, हात घालून खालपर्यंत पाहिलंस आणि येऊन सांगितलंस की पाहिलं आई, चांगलं आहे, कीड लागलेली नाही.

बाया अशा हसल्या की गयाकाकूला ठसका लागला. मीही हसले. हे तुला मी कधी सांगितलं नाही, पण सगळ्यात मोठ्यानं मीच हसले होते. माय मात्र हसली नाही. तिचा चेहरा उतरला, कारण बियाण्याच्या ढोलीला पेरणीच्या दिवसापर्यंत तिच्याशिवाय कोणी हात लावायचा नाही असा घरचा दंडक होता. तिनं विचारलं, बीज ढोलीतलं काऊन उपसलं? आणि तू, सतरा वर्षांची, दोन आठवड्यांपूर्वी आलेली, मूठ तशीच पुढे धरून, मान खाली घालून, अर्ध्या तुझ्या आणि अर्ध्या आमच्या बोलीत म्हणालीस की आमच्याकडे असंच करतात. पेरायच्या आधी बीजेच्या चांदाला बीज दाखवतात.

देवाधर्माच्या बाबतीत माय कोणाच्या मागे राहणारी नव्हती. आपल्याला माहीत नसलेली एक रीत व्याह्यांच्या घरी आहे, ही गोष्ट तिला चांगलीच झोंबली असणार. ती उठली आणि म्हणाली, मग दाखव. सगळ्या मागच्या वाडीत गेलो. मोहाच्या झाडाच्या बाजूला नखाएवढी कोर होती. तू हात वर केलास.  हसणं थांबलं होतं. मायनं आत जाऊन आणखी एक मूठ बीज आणलं आणि तुझ्या शेजारी उभी राहिली.

दुसऱ्या दिवशीपासून मी तुझा पिच्छा सोडला नाही. तुमच्याकडे म्हणजे कुठे? कोणत्या गावात? तू चुलीत फुंकर घालत होतीस. छत्तीसगढात छत्तीस गढ आहेत ना, म्हणालीस, त्याच्याही पुढचा एक आहे. सदतिसावा. मोजणारे थकून घरी गेले, म्हणून तो मोजायचा राहिला.

किती दिवस, किती महिने तू मला तो गढ पुरवलास, वहिनी. भात सडताना, शेंगा सोलताना, मोहफुलं वेचताना. तिथला राजा म्हातारा, त्याच्या डोळ्यांत मोतीबिंदू. त्यामुळे बीजेला सगळी प्रजा बांधीच्या धुऱ्यावर, भाताच्या बांधावर, उभी राहायची आणि राजाला कोर दिसेपर्यंत कोणी 'दिसली' म्हणायचं नाही. राजा बिचारा लोकांचे पाय दुखायला लागले की खोटंच म्हणायचा, दिसली. तिथली रेल्वे बायांचं बोलणं संपल्याशिवाय सुटायची नाही. तिथे नव्या सुनेच्या बोलीला हसणाऱ्याला महिनाभर तीच बोली बोलावी लागायची. आणि तिथली सगळ्यात मोठी गोष्ट ही, की तिथले लोक चंद्र पाहायला जात नाहीत. ते चंद्राला दिसायला जातात. अंग धुऊन, केस विंचरून, पळसाच्या पानाच्या द्रोणात बीज घेऊन गुमान उभं राहायचं. चंद्र नुकता जन्मलेला, त्याला काही ठाऊक नसतं. त्यानं आधी बीज पाहायचं, मग माणसं पाहायची, आणि हे बीज या माणसांचं एवढं ध्यानात ठेवायचं. मग रानात भाताच्या रोपांचे पऱ्हे उगवले की ते कोणाचे हे त्याला विचारावं लागत नाही.

मी हे सगळं गावभर केलं. दोष माझाच आहे. पुढच्या जेठात गयाकाकू द्रोण घेऊन आमच्या वाडीत हजर. त्याच्या पुढच्या वर्षी सगळी आळी. वाडीत जागा पुरेना म्हणून बाया तळ्याकडच्या धुऱ्यावर जायला लागल्या. पहिल्या दिवशी ठसका लागेपर्यंत हसलेली गयाकाकूच आता सगळ्यांना दटावायची, बोट दाखवू नका, गलका करू नका, पदर नीट घ्या, त्याला काय दिसेल. एकदा द्रोण पळसाचा की मोहाच्या पानाचा यावरून दोघींचं जुंपलं आणि निवाडा करायला त्या तुझ्याकडे आल्या. तू वर पाहून, जणू आठवत आहेस असा चेहरा करून, म्हणालीस, दोन्ही चालतात, पण भांडून आणलेला चालत नाही. मी तुझ्याकडे कौतुकानं पाहत होते. कारण मला सगळं खरं वाटत होतं.

आणि मायचं काय झालं ते तर तू जाणतेसच. जी बाई सुनेनं मीठ टाकलं तरी चाखून पाहायची, ती तुला विचारल्याशिवाय बीजेचं काही करेना. बियाण्याची ढोली तिनं तुझ्या हवाली केली. बाहेर कुठे गेली की सांगायची, माझी सून मोठ्या गढातली आहे. तुझं पहिलं बाळंतपण जड गेलं तेव्हा सव्वा महिना तिनं तुला पाण्यात हात घालू दिला नाही. आम्हा पोटच्या पोरींना तिनं असा जीव लावला नव्हता. मी एकदा रुसून तसं बोलूनही दाखवलं होतं.

मग मी शिकायला गोंदियाला मामाकडे गेले. तिथे शाळेत निम्म्या पोरी हिंदी बोलणाऱ्या. मी 'जाते आहे'च्या ऐवजी 'जाऊन रायली' म्हटलं की वर्ग हसायचा. एकदा घरी येऊन मी तुला हे सांगितलं आणि म्हणाले की सदतिसाव्या गढात असत्या तर या पोरींना महिनाभर माझ्यासारखं बोलावं लागलं असतं. तू हसली नाहीस. माझ्या डोक्यात तेल थापत राहिलीस. तेव्हा मला त्याचा अर्थ लागला नाही.

पंधरा वर्षांची असताना मी तुझ्याबरोबर तुझ्या माहेरी आले. अक्षय तृतीयेला, तुमच्या अक्तीला. गाडीत बसल्यापासून तू गप्प होतीस आणि मी उतावीळ. पोचल्या पोचल्या मी तुझ्या भावाला विचारलं, सदतिसावा गढ किती दूर आहे? तो माझ्याकडे पाहतच राहिला. मग खदखदून हसला आणि म्हणाला, "सैंतीसवां? छत्तीस ला तो आज तक कोनो गिने नइ सकिस." छत्तीसच अजून कोणाला मोजता आलेले नाहीत, सदतिसावा कुठला. तुझ्या काकीला विचारलं, आजीला विचारलं. बीजेच्या चंद्राला बीज दाखवतात हे कोणाच्या गावी नव्हतं. अक्तीच्या सकाळी मात्र सगळे पुरुष द्रोणात बीज घेऊन गावदेवाकडे निघाले, आणि मी ओसरीत उभी राहून ते द्रोण पाहिले. पळसाचे. म्हणजे एवढंच खरं होतं. बाकी सगळं तू त्या सांजेला, आमच्या हसण्याच्या मधोमध उभी राहून, उभ्या उभ्या रचलं होतंस.

परतीच्या गाडीत मी तुला नको नको ते बोलले. चार वर्षं मला फसवलंस म्हणाले. मायला फसवलंस, गावाला फसवलंस. तू खिडकीतून बाहेर पाहत होतीस. दरेकसाच्या जंगलात गाडी शिरली, बोगदा आला, गेला, तेव्हा बोललीस.

"चूक झालती नोनी. झाली तं झाली. मंग तिले कुठी ठेवू? तिले राहाले एक गाव तं पायजे होतं ना."

मी म्हणाले, मी मायला सांगणार. तू म्हणालीस, सांग, पण पऱ्हे होऊ दे. पऱ्हे झाले, तर म्हणालीस रोवणा होऊ दे, रोपं बांधीत लागू दे. रोवणा झाला, तर म्हणालीस धान निघू दे, तुझा दादा खुशीत असला की सांगू. त्यानंतर दरवर्षी जेठात मी गोंदियाहून आले की पाय धुण्याआधी तुला विचारायची, यंदा सांगायचं? आणि दरवर्षी तुझं काहीतरी व्हायचं राहिलेलं असायचं. मी चिडायची. खरं सांगते, दोन-तीन वर्षांनी मी केवळ तुझं नवं निमित्त ऐकायला चिडत होते. एका वर्षी तू म्हणालीस, कोंबडी खुडूक बसली आहे, उठू दे. 

मास्तरीण झाल्यावर मला आणखी जोर चढला. वर्गात मी कंदील आणि लिंबू घेऊन चंद्राच्या कला शिकवल्या आणि तोच प्रयोग सुट्टीत तुझ्यापुढे चुलीजवळ केला. सूर्य हा, पृथ्वी ही, चंद्राला स्वतःचा उजेड नाही, डोळे तर नाहीतच. तू फार लक्ष देऊन पाहिलंस. मग विचारलंस, म्हणजे तो आपल्याला पाहत नाही? मी म्हटलं, नाही. तू लिंबू उचलून चिरलंस आणि म्हणालीस, तुझ्या पुस्तकवाल्याला नसेल पाहत. मागल्या वर्षी बातमी आली की रशियानं एक यंत्र सोडलं आणि ते चंद्रावर जाऊन आदळलं. मी वर्तमानपत्र घेऊन धावत आले, आता तरी ही गप्प होईल म्हणून. सगळी बातमी ऐकून तू एवढंच विचारलंस, लागलं का त्याला? मी हसले. पण तू विनोद करत नव्हतीस, आणि संध्याकाळी वाडीत एकटीच उभी होतीस, ते मी पाहिलं.

मी हा वाद तुझ्याशी का घालत राहिले, ते आता विचार करते. मला खरं बोलण्याचा फार तोरा होता. दादा म्हणायचा, हिच्या तोंडात तराजू आहे. पण आतली गोष्ट वेगळी होती. अकरा वर्षांची असताना तू मला एक अख्खा गढ दिलास, आणि पंधराव्या वर्षी तुझ्या भावानं तो एका वाक्यात पाडला. राग गढ खोटा निघाल्याचा नव्हता. मला तो आणखी हवा होता. तू मात्र माझ्याशी पुन्हा कधी त्याबद्दल बोलली नाहीस. गावातल्या बायांसाठी नवे नियम काढायचीस, आणि मी आले की गप्प व्हायचीस. मला ठाऊक झालं होतं ना. हे तुला एकदा तरी सांगायला हवं होतं, की ठाऊक असूनही मला ऐकायचं आहे. नाही सांगितलं. खरं बोलणारी ना मी.

या वैशाखात तू तापानं पडलीस तेव्हा शाळेला सुट्टी लागलेली होती, म्हणून मला तुझ्याजवळ चार दिवस मिळाले. तिसऱ्या दिवशी दुपारी माय तुझ्यासाठी पेज घेऊन आली, दोन घोट पाजून गेली. ती गेली तशी तू माझा हात धरलास. मला वाटलं, लेकरांचं काही सांगशील. ते तू सांगितलं नाहीस. म्हणालीस, मी गेल्यावर मायला सांगजो. गढाचं.

मी म्हटलं, काहीतरीच बोलू नको, उठ आणि स्वतः सांग, बारा वर्षं झाली. तू मान हलवलीस.

"हिंमत नाही झाली, नोनी. मायनं जीव लावला थो त्या गढातल्या सुनेले लावला. मी तं ढोलीत हात घालून बसली होती थे. माह्यावर तिची माया हाय का नाई, थे मले कधी समजलंच नाई."

बारा वर्षांत तू मला दिलेलं पहिलं सरळ उत्तर ते. मी इतकी वर्षं निमित्तं मोजत हसत होते. पऱ्हे, रोवणा, कोंबडी. त्यांच्यामागे हे असेल असं माझ्या तराजूला कधी दिसलं नाही. मी हो म्हणाले. सांगेन म्हणाले. तू डोळे मिटलेस आणि म्हणालीस, जेठातल्या बीजेच्या आधी सांगजो, म्हणजे यंदापासून बाया बिचाऱ्या उगाच उन्हात द्रोण लावत बसणार नाहीत.

तेरवी झाली. दादा दिवसभर बांधीत असतो, धुरे नीट करतो, जे नीट आहेत तेही. लेकरं माझ्या दोन्ही बाजूंना झोपतात. धाकटी मला विचारते, आई कोणत्या बोलीत रागवायची ते करून दाखव, आणि मी दाखवते. माय मात्र रडली नाही. तुझ्या दिव्यापुढे सगळे वाकले, ती उभी राहिली. लहान माणसाच्या पुढे मोठ्यानं वाकू नये, त्याचं काही करू नये, ही तिची जुनी शिस्त. मला तिचा राग आला. तुझी शंका खरीच होती की काय, असंही एकदा मनात येऊन गेलं. रोज ठरवायची, आज सांगते. रोज काहीतरी व्हायचं राहिलेलं असायचं. तुझी विद्या मला उशिरा आली.

काल बीज होती. सांज व्हायच्या आधीच गयाकाकू आणि सात-आठ बाया अंगणात येऊन उभ्या राहिल्या, द्रोण हातात, पण पदराखाली झाकलेले. आपल्या घरी दुखवटा, वर्षभर सण नाही. त्यांना विचारायचं होतं की यंदा बीज दाखवायचं की नाही. आणि ज्या एका माणसाला हे विचारता आलं असतं ते माणूस तर गेलेलं. म्हणून सगळ्या माझ्याकडे पाहत होत्या. मी तुझ्या माहेरी जाऊन आलेली, तुझी पहिली चेली. गयाकाकू म्हणाली, पोरी, तिच्या गढात अशा वेळी काय करतात ते तूच सांग.

याहून चांगली वेळ आली नसती. सगळं गाव समोर, माय दारात, सूर्य बुडायला आलेला. मी मनात वाक्य जुळवलं, वर्गात जुळवते तसं, पहिलं वाक्य, दुसरं वाक्य. मायकडे वळले. "माय, वयनीचा गढ," एवढं बोलले, आणि मायनं मला पुढे बोलू दिलं नाही. तिच्या मुठीत काहीतरी होतं. ढोली उघडून आणलेलं बीज होतं ते.

"तिच्या गढात सासूनं सुनेच्या नावानं बीज दाखवलं तं चालते का वो?"

मी तिच्या मुठीकडे पाहत राहिले. हिनं तुझ्या दिव्यापुढे मान वाकवली नव्हती. माझ्या पाहण्याचा अर्थ नाही, असा तिनं घेतला असावा. तिनं मूठ छातीशी धरली आणि माझ्या बाजूनं वाट काढून वाडीकडे निघाली. जाता जाता म्हणाली,

"नसन चालत तं नसो. गढ गेला चुलीत. माही सून होती थे. मी दाखवीन."

वहिनी, ऐकलंस ना? गढ गेला चुलीत, म्हणाली. मी तुला शब्दन् शब्द तसाच सांगते आहे, माझा एकही घातलेला नाही. ज्या उत्तराला तू बारा वर्षं घाबरलीस ते एवढंच होतं, आणि ते काढायला मला काही सांगावंही लागलं नाही. तू पंधरा-वीस दिवस आणखी थांबली असतीस, अंगणात उभी असतीस, तर तुला ते स्वतःच्या कानांनी ऐकता आलं असतं, या विचारानं मी काल रडले. तेरवीला रडले त्याहून जास्त रडले.

माय वाडीत एकटी उभी होती, हात वर करून. ती काहीतरी बोलत होती, पण मला ते ऐकू आलं नाही आणि मी जवळ गेले नाही. ते तुमच्या दोघींचं. बाया अंगणातच घुटमळत होत्या. सासूनं सुनेचं करायचं, हे त्यांनी कधी पाहिलेलं नव्हतं. गयाकाकूनं माझा दंड धरला आणि हळूच विचारलं, चालते का नाही पोरी, एकदा सांग, म्हणजे आम्ही मागं उभ्या राहू.

मी म्हणाले, चालते काकू. तिकडे सासूच दाखवते, तशीच रीत आहे, मी डोळ्यांनी पाहून आले.

असं मी म्हणाले, वहिनी. एका दमात, न अडखळता, शाळेत मुलांना छडी दाखवून खरं बोलायला लावणारी मी. बाया पदराखालचे द्रोण काढून मायच्या मागे जाऊन उभ्या राहिल्या. तुझं काम मी केलं नाही आणि आता करणारही नाही. रागवायचं तर रागव. पण तुझ्या गढात हा नियम अजून नसेल तर घालून घे, म्हणजे मी खोटी पडणार नाही.